गुलाबराव टेलरांची खिडकी आणि मागे घेतलेला दावा

तुम्ही कधी कोर्टातलं भांडण आपसात मिटवून, दावा मागे घेऊन, हलक्या मनानं घरी आला आहात का? आणि आला असाल तर, समोरचा उद्या शब्दाला फिरला तर आपल्याला त्याच दारातून पुन्हा आत घेतील का, एवढं तरी कोणाला विचारलं होतं का?

नसेलच विचारलं. आमच्या वर्धा जिल्ह्यात कोणीच विचारत नाही, आणि त्याचं कारण मला बाजार समितीच्या आवारात सापडलं. आमच्याकडे माणूस तुरीची गाडी घेऊन येतो, ढीग घालतो, व्यापारी बोली लावतात. भाव मनाला आला नाही तर तो पोती पुन्हा भरतो आणि गाडी घरी नेतो. पुढच्या बाजाराला तीच गाडी, तीच तूर, तेच व्यापारी. मागच्या खेपेला गाडी परत नेली म्हणून त्याला फाटकावर कोणी अडवत नाही. इथल्या माणसाची पक्की समजूत आहे की कोर्टही असंच चालतं. दावा म्हणजे गाडी. आज नेली परत, दिवाळीनंतर आणू.

कोर्ट तसं चालत नाही. दावा मागे घेताना ‘याच कारणासाठी पुन्हा दावा करण्याची मुभा द्यावी’ अशी परवानगी मागावी लागते आणि न्यायाधीशांनी ती द्यावी लागते. ती नसेल तर त्याच गोष्टीसाठी, त्याच माणसाविरुद्ध नवा दावा चालत नाही. मग तुमचं म्हणणं खरं की खोटं हा प्रश्नच उरत नाही. ते कोणी ऐकतच नाही.

मी वकिलीत आले ती रागातून. माझ्या वडिलांचा वर्ध्यात छोटा छापखाना होता. पायानं चालवायचं ट्रेडल यंत्र, आणि त्यावर छापली जायची पत्रकं: पाण्याची, हमीभावाची, दारूबंदीची, बंद पडलेल्या गिरणीची. लग्नपत्रिकाही छापत, पण त्या पोटासाठी. मी अक्षरं शिकले ती पत्रकांवरून. आमच्या घरातली रद्दीसुद्धा क्रांतिकारक होती. त्यामुळे झाडे वकीलसाहेबांच्या हाताखाली मी कामाला लागले तेव्हा माझा पहिला अर्ज ‘अन्यायाच्या काळोखात चाचपडणाऱ्या’ अशा शब्दांनी सुरू होत होता. झाडे सरांनी तो शांतपणे वाचला, सगळी उद्गारचिन्हं एकेक करून खोडली, आणि म्हणाले, “पोरी, कोर्टात राग चालते. फक्त तो शेवटच्या परिच्छेदात यावा लागते, आणि नम्र विनंती म्हणून.”

दावा मागे घेण्याची पहिली गंमत मी अल्लीपूरच्या दोन म्हाताऱ्या भावांकडून शिकले. त्यांच्या शेतांच्या मध्ये धुरा होता. धुरा म्हणजे दोन वावरांमधली हद्दीची पट्टी. दर पावसाळ्यात मोठा भाऊ ओरडायचा की धाकट्यानं धुरा नांगरून खाल्ला. दावा लागायचा. पण उन्हाळ्यात घरात लग्न निघायचं, आणि लग्नात धाकट्याशिवाय आचाऱ्यावर लक्ष कोण ठेवणार? की दावा मागे. झाडे सर हुशार, ते दर वेळी मुभा मागून घ्यायचे. शेवटी न्यायाधीशच कंटाळले. पुन्हा परवानगी मागितली तेव्हा त्यांनी विचारलं की आता घरात लग्नाचं कोण उरलंय. म्हाताऱ्यानं इमानदारीनं सांगितलं की दोन नातवंडं बाकी आहेत. परवानगी नाकारली गेली. ‘मागे घ्यायचा असेल तर कायमचा घ्या,’ असं साहेबांनी बजावलं, आणि म्हाताऱ्यानं कायमचा घेतला. धुरा आता किती उरला आहे ते मला माहीत नाही, पण दोन्ही लग्नं चांगली झाली.

गुलाबरावांचं तसं नव्हतं. त्यांच्यासाठी मुभा मागायला कोणी हजरच नव्हतं.

गुलाबराव सिंदी रेल्वे या गावच्या बाजारातले शिंपी. पुढे ओटा, आत दुकान, मागे घर, वर कवेलूचं, म्हणजे कौलांचं, छप्पर. दुकानाला बाजूच्या भिंतीत एक मोठी खिडकी, आणि खिडकीखाली शिलाईचं यंत्र. त्यांचे वडीलही त्याच खिडकीखाली बसून शिवत. खिडकीबाहेर शेजारच्या मदनसेठची मोकळी जागा. मदनसेठचं किराणा दुकान चांगलं चालत होतं आणि त्यांना त्या जागेत गोदाम बांधायचं होतं. गोदामाची भिंत उठली की खिडकी बंद.

हे भारनियमनाचे दिवस होते. सकाळी वीज गेली की दुपारपर्यंत यायची नाही, आली तर संध्याकाळी पुन्हा जायची. गुलाबरावांची नजर चाळिशीनंतर उतरलेली. काळ्या कापडावर काळा दोरा त्यांना फक्त खिडकीच्या उजेडात दिसायचा. खिडकी गेली तर त्यांचं काम जाणार होतं, इतकं सरळ होतं ते.

वीस वर्षांहून जास्त काळ कोणी एखाद्या खिडकीतून बिनहरकत उजेड घेत असेल तर त्या उजेडावर त्याचा हक्क तयार होतो. कायद्यात हे स्वच्छ लिहिलेलं आहे. मला हे कलम इतकं आवडलं होतं की मी ते वडिलांना वाचून दाखवलं, आणि ते म्हणाले, याचं पत्रक काढू. आम्ही दावा लावला, तालुक्याच्या कोर्टानं तात्पुरता मनाई हुकूम दिला, आणि मदनसेठची भिंत कमरेएवढी उंच होऊन थांबली. शकुंतलाकाकू, म्हणजे गुलाबरावांच्या पत्नी, त्या अर्ध्या भिंतीवर मिरच्या वाळत घालू लागल्या.

सगळं छान चाललं होतं. मग तान्हा पोळा आला.

तान्हा पोळा म्हणजे पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी लहान पोरांचा पोळा. पोरं लाकडी बैल सजवून घरोघर नेतात आणि बोजारा मागतात. बोजारा म्हणजे बैलाची ओवाळणी, काहीतरी खाऊ, काही नाणी. सिंदीत याचं वेड मोठं. तिथले लाकडी बैल खऱ्या बैलापेक्षा उंच असतात आणि चाकांवर ओढत नेतात. मदनसेठच्या बैलाची झूल दरवर्षी गुलाबरावच शिवत. त्या वर्षी दाव्यामुळे झूल शिवायला आली नाही, आणि याचं दुःख गुलाबरावांना भिंतीपेक्षा जास्त होतं. बाजारात बैल फिरत होता तो वर्ध्याहून आणलेल्या तयार झुलीत. “पाठीवर चुन्या पडल्या होत्या तिले,” ते मला नंतर सांगत होते. “बैल पाहून जीव तुटला.”

संध्याकाळी तो बैल गुलाबरावांच्या ओट्यासमोर येऊन थांबला. ओढणारी पोरं नव्हती. दोरी खुद्द मदनसेठच्या हातात होती. भारदस्त माणूस, घामानं भिजलेला, कपाळाला गुलाल.

“गुलाबराव, बोजारा द्या.”

गुलाबरावांनी विचारलं, काय देऊ.

“केस द्या.”

सगळा बाजार बघत होता. दारात आलेल्या बैलाला रिकामं पाठवायचं नसतं. हे कुठल्या कायद्यात नाही, पण सिंदीत ते कायद्याच्या वरचं आहे. गुलाबरावांनी फक्त भिंतीचं काय ते विचारलं. मदनसेठ म्हणाले की मी माझ्या हातानं ती एक वीटही वर नेणार नाही, बैलाच्या साक्षीनं सांगतो. काकूंनी बैलाला ओवाळलं, आणि गुलाबरावांनी दावा बोजाऱ्यात देऊन टाकला.

पुढच्या तारखेला ते आम्हाला न सांगता कोर्टात गेले. वकिलाला काय तोंड दाखवायचं, अशी लाज वाटली म्हणे. झाडाखालच्या टायपिस्टकडून त्यांनी पुरसीस लिहून घेतली. पुरसीस म्हणजे पक्षकारानं सही करून कोर्टाला दिलेलं छोटं निवेदन. त्यात एवढंच होतं: ‘आमचं आपसात समजलं आहे. दावा चालवायचा नाही.’ काय समजलं, ते नाही. मुभा, नाही. न्यायाधीश रत्नागिरीकडचे होते. कोणाच्या दबावाखाली देत नाही ना, असं त्यांनी रीतीप्रमाणे विचारलं. गुलाबराव म्हणाले, “नाई साहेब, बैलासमोर देलं.” साहेबांनी चष्मा काढून वकिलांच्या बाकाकडे पाहिलं. कोणीच समजावून सांगितलं नाही. शेवटी ‘स्वखुशीने’ असं लिहिलं गेलं आणि दावा निकाली निघाला. हे सगळं मला तिथल्या पट्टेवाल्यानं साभिनय सांगितलं.

दसऱ्यानंतर भिंत उठायला लागली. गुलाबराव धावत गेले तर मदनसेठ गल्ल्यावर शांत बसलेले. त्यांनी हात जोडले आणि सांगितलं की मी शब्द मोडला नाही. मी माझ्या हातानं भिंत उठवणार नव्हतो. “पोरगा उठवून राह्यला. आता जमाना पोरायचा हाये. आपल्याले कोन इचारते?”

खिडकी बंद झाली त्याच आठवड्यात गुलाबराव आमच्या ऑफिसात आले. चेहरा पडलेला नव्हता. गाडी बाजारातून परत नेली होती, ती आता पुन्हा जुंपायची, एवढाच त्यांचा हिशेब.

“वकीलीनबाई, ते केस ठेवली होती ना आपली. काढा आता.”

झाडे सरांनी पुरसीसची नक्कल मागवली, वाचली, घडी घातली, आणि तंबाखूची डबी काढली. त्यावरून मला कळलं की प्रकरण गंभीर आहे. सर तंबाखू फक्त हरताना खात.

तरी आम्ही लढलो. नवा दावा लावला. आमचं म्हणणं असं की आधीचा दावा भिंतीच्या भीतीचा होता, आता भिंत खरोखर झाली आहे, म्हणजे कारण नवं आहे. मदनसेठच्या वकिलांनी उठून एकच विचारलं: खिडकी तीच, भिंत तीच, हक्क तोच, मग नवं काय? न्यायाधीश विचारात पडले, हे मी त्यांच्या बाजूनं सांगितलं पाहिजे. त्यांनी गुलाबरावांना पुढे बोलावलं आणि विचारलं की मागे घेताना पुन्हा येण्याची परवानगी का मागितली नाही. गुलाबरावांनी तुरीच्या गाडीचा सगळा प्रकार समजावून सांगितला. कोर्ट पहिल्यांदा हसलं. साहेब मात्र हसले नाहीत.

“गुलाबराव, मी ऐकायलाच इथे बसलो आहे. पण तुम्हीच मला सांगून गेलात की ऐकू नका.”

“साहेब, तवा म्हनलो होतो आयकू नका. आज म्हनतो, आयका. दोन्ही बोलनं माह्यंच हाये.”

माझ्या आजवरच्या वकिलीत यापेक्षा चांगला युक्तिवाद मी ऐकलेला नाही. तो फेटाळला गेला.

मग आम्ही जुना दावाच पुन्हा फाइलवर घ्या असा अर्ज केला. उत्तर आलं की पक्षकार गैरहजर राहिल्यामुळे दावा निघाला असेल तर तो परत घेता येतो. इथे पक्षकार हजर होता, तोच तर घोळ झाला. मग जिल्हा न्यायालयात अपील. त्याचा मसुदा मी लिहिला, आणि झाडे सर तापानं पडलेले असल्यामुळे तो कोणी तपासला नाही. सूर्य कोणाच्या बापाचा नाही, उजेडाला कुंपण घालणाऱ्यांचा धिक्कार असो, असं बरंच काही त्यात होतं. तिथल्या न्यायाधीशांनी पानं उलटली आणि मला विचारलं, “हे अपील आहे की पत्रक?” मी म्हटलं, अपील आहे. ते म्हणाले की वाचायला फार चांगलं आहे, पण यात कायद्याचा मुद्दा असता तर आणखी चांगलं झालं असतं. दुपारच्या सुट्टीपूर्वी अपील गेलं.

त्यानंतर गुलाबरावांना अर्जांचा नादच लागला. दावा ऐकत नाहीत तर निदान अर्ज तरी ऐका, म्हणून ते नगरपालिकेत गेले, तहसीलदारांकडे गेले, कलेक्टर कचेरीच्या लोकशाही दिनाला रांगेत बसले. सगळीकडे एकच शेरा: न्यायालयीन बाब, हस्तक्षेप करता येत नाही. कोर्ट म्हणतं आमच्याकडे काही नाही, आणि कचेरी म्हणते हे कोर्टात आहे. मी रागानं लाल व्हायची. शकुंतलाकाकूंचा राग मात्र थंड होता. एकदा मी त्यांच्या घरी गेले तेव्हा त्या अंधाऱ्या दुकानात कंदील पुसत होत्या. म्हणाल्या, “देवाले कितीबी डाव नवस बोलता येते, तुमच्या कोर्टाले एकदा बोललं का संपलं?” मी त्यांना निकालाला अंत असावा लागतो, नाहीतर भांडणं पिढ्यानपिढ्या चालतील, वगैरे सांगितलं. हे मला पटतं सुद्धा. अल्लीपूरचे म्हातारे आठवले की फारच पटतं. पण त्या अंधारात बोलताना ते मला स्वतःलाच पोकळ वाटत होतं.

शेवटी गुलाबरावांनी अर्ज सोडले आणि यंत्र उचलून ओट्यावर आणलं. उजेडासाठीच आणलं, डावपेच म्हणून नाही. पण ओटा मदनसेठच्या दुकानाच्या पायरीला लागून. साखर घ्यायला येणारा प्रत्येक माणूस गुलाबरावांसमोरून जाणार, आणि सहज विचारणार, काऊन बाप्पा, बाहेर बसले? मग गुलाबराव यंत्र थांबवून पहिल्यापासून सांगत. खिडकी, भिंत, बैल, बोजारा, पोराचा जमाना. कोर्टानं ऐकलं नव्हतं, आता सिंदी ऐकत होती, आणि इथे मागे घेण्याची सोय नव्हती. बाया साखर घ्यायला आत जात आणि मदनसेठना विचारत, काहो सेठजी, बैलाले फसवलं म्हन्ते? तूर विकायला आलेले आजूबाजूच्या खेड्यांतले लोक हा किस्सा घेऊन गावी जात. पुढच्या तान्ह्या पोळ्याला मदनसेठचा बैल बाजारात आला तेव्हा दोन-तीन घरांनी दारं लोटून घेतली.

एक दिवस मदनसेठ आमच्या ऑफिसात हजर. माणूस निम्मा झाला होता. झाडे सरांना त्यांनी विचारलं की गुलाबरावांनी ओट्यावर बसून बोलू नये असा मनाई हुकूम मिळतो का.

“मी तुमचा वकील होऊ शकत नाई,” सर म्हणाले. “पन फुकट सांगतो. स्वतःच्या ओट्यावर बसून खरं बोलायले कोर्ट मना करत नाई.”

“मंग मी काय करू?”

सरांनी माझ्याकडे पाहिलं. मी सांगितलं, भिंत पाडा. ते म्हणाले की तिच्यावर आता छत आहे, पोत्यांची थप्पी आहे. बरीच बोलाचाली झाली. त्यातून जे निघालं ते असं: भिंत राहील, पण गुलाबरावांच्या छपरातली काही कवेलू काढून तिथे काचेची कवेलू मदनसेठ बसवून देतील, आणि फुटली तर बदलून देतील. आमच्याकडे जुन्या घरांत स्वयंपाकघरावर असं एखादं काचेचं कवेलू असतंच. वरून येणाऱ्या उजेडापुढे भिंत घालायची तर आभाळात घालावी लागेल.

गुलाबराव तयार झाले, पण लिहून पाहिजे म्हणाले. मदनसेठ दुखावले. माझ्या जबानीवर भरवसा नाही का, असं त्यांनी विचारलं.

“तुमच्या जबानीवर हाये,” गुलाबराव म्हणाले. “तुमच्या पोराच्या हातावर नाई.”

करारनामा मी लिहिला. त्यात मदनसेठ, त्यांचा मुलगा, वारस आणि गवंडी, सगळ्यांना बांधून टाकलं. उद्गारचिन्ह एकही नव्हतं. गुलाबरावांनी तो दोनदा वाचून घेतला आणि मग, शर्टाच्या बाहीचं माप घेतात तसं बोटानं ओळ धरून, खाली सही केली.

यात विजय झाला असं लोक म्हणतात. मी म्हणत नाही. काचेच्या कवेलूतून उजेडाचा एक चौकोन पडतो आणि तो दिवसभर दुकानात सरकत राहतो. गुलाबराव यंत्र घेऊन त्याच्यामागे सरकतात. सकाळी कपाटापाशी, दुपारी मधोमध, चारनंतर ओट्यावर. पावसाळी दिवसात काळं कापड घेत नाहीत, परत पाठवतात. खिडकीच्या कोनाड्यात आता दोऱ्याची रिळं आहेत आणि तिच्या गजांपलीकडून गुळाच्या पोत्यांचा वास येतो. त्या खिडकीच्या उजेडावर त्यांचा हक्क होता. दावा चालला असता तर आम्ही जिंकलो असतो, असं मला आजही वाटतं. पण हक्क होता की नव्हता हे कुठल्याच कोर्टानं सांगितलेलं नाही, आणि आता कधी सांगणारही नाही.

म्हणून तुम्हाला एक काम सांगते, आणि ते खरंच करा. तुमच्या घरात, शेजारात, सासुरवाडीत कोणाचा ना कोणाचा दावा चालू असेल. या सणात सगळे एकत्र बसाल, फराळ होईल, मनं हलकी होतील आणि कोणीतरी म्हणेल, जाऊ द्या, मागे घ्या. जरूर घ्या. भांडण मिटणं ही चांगलीच गोष्ट आहे. पण त्या माणसाला बाजूला बोलावून सांगा, की आधी वकिलाकडे जा. काय मिटलं आहे ते शब्दाशब्दानं लिहून कोर्टात दाखल कर आणि त्याप्रमाणे हुकूम मागून घे. ते जमत नसेल तर ‘याच कारणासाठी नव्याने दावा करण्याची मुभा असावी’ एवढी ओळ तरी पुरसीसमध्ये घाल, आणि न्यायाधीशांनी ती मुभा आदेशात दिली आहे का ते स्वतः वाच. वाचता येत नसेल तर दुसऱ्याकडून वाचून घे. आणि हे होत नाही तोवर, समोर माणूस असो नाहीतर बैल, पेन टोपणातच राहू दे.